ती खूश होती आणि मी घाबरलो

पत्र थोडक्यात (ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत)

मी ३८ वर्षांचा आहे, लग्नाला सहा वर्षं झाली. मी आठ वर्षांचा असल्यापासून आईला बायपोलर आजार आहे. कधी ती महिनाभर अंथरुणातून उठायची नाही. कधी रात्र रात्र जागायची, गाणी म्हणायची, घरातलं सामान हलवत बसायची आणि मग काही दिवसांत सगळं हाताबाहेर जायचं. दोनदा तिला हॉस्पिटलमध्ये ठेवावं लागलं. 'घरातलं बाहेर बोलायचं नाही' अशी बाबांची ताकीद होती. धाकट्या बहिणीला सांभाळणं आणि आईच्या गोळ्यांकडे लक्ष ठेवणं माझ्याकडे असायचं. आता बाबा नाहीत. आई बरीच वर्षं औषधांवर स्थिर आहे, बहिणीकडे राहते.

पत्नीला मी एवढंच सांगितलंय की आईला पूर्वी डिप्रेशन यायचं. गेल्या महिन्यात एका रात्री अकरा वाजता पत्नी गुणगुणत कपाट आवरायला बसली होती. सगळे कपडे जमिनीवर आणि ती मजेत. माझ्या पोटात गोळा आला. मी विचारलं, "काल रात्री नीट झोपली होतीस ना?" ती थांबली. म्हणाली, "मी रडले तरी तू नर्ससारखा वागतोस, हसले तरी नर्ससारखाच. मला नवरा हवाय." ते कपाट अजून तसंच अर्धवट पडलंय. तिला मूल हवंय, मी दोन वर्षं टाळतोय. आजार पुढे जाईल याची भीती वाटते. हल्ली वाटतं, तिला मोकळं करावं. नॉर्मल घरात वाढलेल्या एखाद्या माणसाबरोबर ती सुखी होईल. तुम्हाला काय वाटतं?

उत्तर

प्रिय मित्रा,

तुमच्या पत्रातला एक प्रसंग मी वरच्या सारांशात मुद्दाम घेतला नाही, कारण त्यापासूनच सुरुवात करायची होती. शाळेतून आल्यावर दप्तर खाली ठेवायच्या आधी तुम्ही आईच्या गोळ्यांची पट्टी बघायचात. सकाळी किती गोळ्या उरल्या होत्या हे पाठ असायचं. एक कमी झालेली दिसली की जीव भांड्यात. आकडा तोच असला, तर बहिणीला घेऊन बाहेरच्या खोलीत अभ्यासाला बसायचं आणि कान आतल्या खोलीकडे ठेवायचे.

हे तुम्ही दोन ओळींत उरकलंय आणि लगेच पुढच्या मुद्द्यावर गेलात. मी मात्र तिथे बराच वेळ थांबले. नऊ वर्षांचा मुलगा, पाठीवर दप्तर, हातात गोळ्यांची पट्टी. त्या मुलाला कुणी विचारलं नाही की तुला भीती वाटते का, आणि कुणी हेही सांगितलं नाही की हे तुझं काम नाही. आईबापांनी करायचं काम मुलाच्या अंगावर पडलं, तर मूल ते करतं. बहुतेक वेळा चांगलंच करतं, आणि म्हणूनच मोठ्यांच्या लक्षात येत नाही. मानसशास्त्रात याला पॅरेंटिफिकेशन असा शब्द आहे. शब्द विसरलात तरी चालेल. त्या कामावरून तुम्हाला कधी कुणी सुटी दिली नाही, एवढं लक्षात ठेवा. तीस वर्षांनंतरही तुम्ही कामावरच आहात, फक्त पेशंट बदललाय. आणि ही पेशंट आजारी नाही.

आता त्या रात्रीबद्दल. तुम्ही घाबरलात यात वेडेपणा काहीच नव्हता. झोप कमी होणं हे मेनियाच्या, म्हणजे बायपोलर आजारातल्या चढलेल्या मूडच्या काळाच्या, आधीच्या लक्षणांपैकी एक महत्त्वाचं लक्षण आहे, आणि अपुऱ्या झोपेमुळे मेनिया सुरूही होऊ शकतो. तुमच्या लहानपणच्या घरात रात्री अकराला गुणगुणत सामान हलवणारी बाई म्हणजे खरोखर पुढच्या संकटाची चाहूल होती. तुम्ही ती बिनचूक ओळखायला शिकलात. इतरांची मुलं आईच्या रडण्याला घाबरतात. तुम्ही तिच्या हसण्यालाही घाबरायला शिकलात. बायपोलर आजार असलेल्या आईवडिलांच्या मुलांच्या वाट्याला येणारी ही फार एकाकी गोष्ट आहे, कारण "आई खूश होती म्हणून मी घाबरलो" हे कुणाला सांगणार आणि कुणाला पटणार?

पण मेनिया कसा दिसतो, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. तेव्हा शांतपणे ताडून बघा. त्यात चढलेला किंवा चिडका मूड जवळजवळ रोज, दिवसाचा बहुतेक वेळ, किमान आठवडाभर टिकतो. माणूस दोन-तीन तास झोपून ताजातवाना उठतो. बोलणं इतकं वेगात की मध्ये शब्द घालता येत नाही, विचार एकावरून दुसऱ्यावर उड्या मारतात, पैसे उधळले जातात, अचाट बेत ठरतात, कुणी अडवलं की भडका उडतो. त्यातलं तुमच्या पत्नीच्या बाबतीत काय होतं? एक कपाट आणि एक गाणं. पत्र मी पुन्हा वाचून पाहिलं, दुसरं काही सापडलं नाही.

मला खरी काळजी वाटते ती वेगळ्याच गोष्टीची. तुम्ही माणसं ओळखता, पण त्यांना विचारत नाही. पत्रभर तुम्ही पत्नीबद्दल अंदाज केलेत: ती कंटाळली असेल, तिला पश्चात्ताप होत असेल, दुसऱ्या कुणाबरोबर ती सुखी होईल. यातलं एकही वाक्य तिच्या तोंडचं नाही. लहानपणी विचारायची सोयच नव्हती, कारण आजारात आईला सांगता यायचं नाही आणि बाबा सांगायचे नाहीत. मग पावलांचा आवाज, दार लावायची पद्धत, पट्टीतल्या गोळ्या यांवरूनच सगळं ताडायचं. त्या घरात यावर निभावलं. संसारात निभत नाही, कारण समोरचं माणूस सांगायला तयार असतं आणि तुम्ही त्याच्या आधीच निदान करून मोकळे झालेले असता.

तिच्या बाजूनेही क्षणभर बघा. ती हसली की हसणं तपासलं जातं, रडली की रडणं. तुमची काळजी तिच्यापर्यंत पहारा होऊन पोहोचते. तुमचा हेतू चांगला आहे म्हणून तिला ते कमी टोचत नाही. तिने जे म्हटलं ते बोचरं होतं, पण त्यातलं शेवटचं वाक्य पुन्हा वाचा. "मला नवरा हवाय." जिला निघून जायचंय ती असं म्हणेल?

तुम्ही 'नॉर्मल घर' असा शब्द वापरलात. अशा घरात वाढलेल्या माणसाला समोरच्याचं मन आपोआप कळतं, त्याच्याकडून चुका होत नाहीत, असं काहीसं तुमच्या डोक्यात आहे, असं मला वाटतं. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ एडवर्ड ट्रॉनिक यांनी १९७०च्या दशकात एक प्रयोग केला. आई बाळाशी खेळते आणि मग सांगितल्याप्रमाणे दोन मिनिटं चेहरा निर्विकार ठेवते. बाळ आधी हसून बघतं, हात पुढे करतं, बोट दाखवतं, ओरडतं. काहीच परत येत नाही, तेव्हा ते मान फिरवतं. तुमच्यासारख्या मुलांना हे दृश्य समजावून सांगावं लागत नाही. आईचं अंथरुणातलं महिनाभराचं मौन म्हणजे फार लांबलेली ती दोन मिनिटंच. पण ट्रॉनिक यांच्याच कामातून पुढे आलेली दुसरी गोष्ट मला तुम्हाला सांगायची आहे. अगदी निरोगी, प्रेमळ आई आणि तिचं बाळ यांच्यातसुद्धा एकमेकांचे सूर जुळलेले असतात ते साधारण ३० टक्के वेळ. उरलेला वेळ बाळाला एक हवं असतं, आई दुसरंच करते, मग लक्षात येतं, मग दोघं पुन्हा जुळवून घेतात. बाळाचा विश्वास या पुन्हा जुळवून घेण्यातून घट्ट होतो. तुमच्या घरी सूर बिघडायचे तेव्हा पुन्हा जुळवणारं कुणी नव्हतं. म्हणून आज पत्नीशी एक खटका उडाला, की तुम्हाला थेट शेवट दिसतो. तिला बहुधा फक्त एक भांडण दिसत असेल.

तिला मोकळं करण्याच्या विचाराबद्दल मी थोडं स्पष्ट बोलते, राग मानू नका. तो तुम्हाला त्याग वाटतो. मला त्यात तो नऊ वर्षांचा मुलगा दिसतो, जो बहिणीला बाहेरच्या खोलीत घेऊन बसायचा. घरात काहीतरी भयंकर होणार हे त्याने एकट्याने ठरवलं, कुणाला सांगितलं नाही, आणि दुसऱ्याला वाचवायच्या तयारीला लागला. तुमची पत्नी लहान बहीण नाही. तिच्या आयुष्याचा एवढा मोठा निर्णय तुम्ही तिला अर्धीच माहिती देऊन परस्पर घेताय. सगळं कळल्यावर ती म्हणाली, मला हे झेपणार नाही, तर तो तिचा निर्णय असेल आणि त्याचा मान राखावा लागेल. पण तिला आधी कळू तर द्या.

म्हणजे आता बोलायला हवं. आईला डिप्रेशन यायचं हे खोटं नाही, पण ती निम्मी गोष्ट झाली. बाबांना दोष देण्यात मला रस नाही. एकट्याने दोन मुलं आणि आजारी पत्नी सांभाळताना त्यांना लोकांच्या नजरांची भीती वाटली असेल. तरी त्यांची ताकीद मुलांना महागात पडते. घरात काय चाललंय हे कुणी साध्या शब्दांत सांगितलं नाही, तर मूल स्वतःच कारण शोधतं, आणि बऱ्याचदा त्याला सापडणारं कारण 'मी' असतं. तुम्ही आज जे भोगताय त्यातला किती भाग आईच्या आजाराचा आणि किती त्या गप्प बसण्याचा, हे वेगळं काढता येणार नाही. पण दुसऱ्या भागावर आजही काही करता येईल.

त्याला आधार आहे. १९८०च्या दशकात मेरी मेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आईवडील झालेल्या माणसांना त्यांच्याच बालपणाबद्दल तपशीलवार विचारलं. त्यांची मुलं त्यांच्याजवळ कितपत निर्धास्त आहेत याचा अंदाज बालपणात काय घडलं यापेक्षा ते कसं सांगितलं जातं यावरून जास्त येत होता. बालपण अवघड गेलेली काही माणसं ते सरळ, सलग, चांगलं-वाईट दोन्ही धरून सांगू शकत होती, आणि त्यांची मुलं बरीच निर्धास्त होती. अशा माणसांबद्दल पुढे एक शब्द रूढ झाला, त्याचा अर्थ 'कमावलेली सुरक्षितता'. असं सांगणं एका बैठकीत जमत नाही. पण कुणाला तरी सांगायला सुरुवात करावीच लागते.

कशी करायची? भांडणाच्या मध्ये नको, आणि तीस वर्षांचा इतिहास एका रात्रीत ओतायचाही नाही. एक प्रसंग घ्या. गोळ्यांच्या पट्टीचा घ्या. "त्या रात्री मी तुला झोपेबद्दल का विचारलं, ते मला सांगायचंय" एवढंच म्हणा आणि पट्टीची गोष्ट सांगा. लगेच निष्कर्षावर येऊ नका, "म्हणून मी असा आहे" वगैरे नको. ती काही विचारेल. रडलीच, तर तिला शांत करायला धावू नका, तिथेच बसून राहा. तुमच्यासाठी सगळ्यात अवघड भाग हाच असेल.

आणि रोजच्या जगण्यात एक सवय लावून बघा. पोटात गोळा आला की निदान करायच्या आधी वाक्य असं करा: "मला आत्ता भीती वाटली, यात तुझं काही नाही. तू कशी आहेस?" ती "मजेत" म्हणाली, तर ते उत्तर खरं माना. पुन्हा चेहरा तपासायचा नाही. सुरुवातीला दहातल्या सात वेळा जमणार नाही. नंतर येऊन "मगाशी मी पुन्हा नर्स झालो" असं म्हटलंत तरी चालेल. सूर पुन्हा जुळवणं म्हणतात ते हेच.

मुलाचा प्रश्न. भीतीला निदान खरे आकडे तरी द्या. सर्वसाधारण लोकांमध्ये शंभरात एक-दोघांना आयुष्यात कधीतरी बायपोलर आजार होतो. आई किंवा वडिलांपैकी एकाला असेल, तर मुलांमध्ये हे प्रमाण साधारण शंभरात पाच ते दहा असतं. वाढलेलं आहे, हे लपवायचं कारण नाही. पण म्हणजे नव्वद किंवा त्याहून जास्त जणांना होत नाही. आजार बहुतेक वेळा किशोरवयाचा शेवट ते पंचविशी या काळात सुरू होतो. तुम्ही अडतीस वर्षांचे आहात, तुम्हाला तो झालेला नाही, त्यामुळे तुमच्या मुलासाठीचा धोका तुमच्या स्वतःच्या धोक्यापेक्षाही कमी धरला जातो. अशा घरांतल्या मुलांमध्ये नैराश्य आणि चिंतेचं प्रमाणही जास्त आढळतं, तेही माहीत असावं. दोघं मिळून एखाद्या मानसोपचारतज्ज्ञाला भेटा आणि घराण्याचा पूर्ण इतिहास सांगून हे प्रश्न विचारा. एकटे जाऊन उत्तर घेऊन येऊ नका, दोघांनी एकत्र ऐका.

एक शंका मात्र मनात आहे. आनुवंशिकतेचं उत्तर समाधानकारक मिळालं, तर तुम्ही हो म्हणाल का? की तुम्ही लहानपणीच एक मूल वाढवलंय आणि आता पुन्हा तो भार नको, असं आत कुठेतरी आहे? असेल तर त्यात लाज वाटण्यासारखं काही नाही. मूल नको असणं हा सरळ, प्रामाणिक निर्णय असू शकतो. पण मग तो तुमचा म्हणून पत्नीला सांगा, आईच्या आजाराच्या नावावर टाकू नका. दोन वर्षं तिला 'बघू' ऐकावं लागतंय. तिच्याही आयुष्याचा हा काळ जातोय.

तुमच्यासाठी स्वतंत्र समुपदेशन हवं, असं माझं मत आहे. जोडप्यासाठीचं नंतर, गरज वाटली तर. आधी फक्त तुमच्यासाठी एक तास, ज्यात समोरच्याची काळजी घ्यायची नाही. पहिल्या दोन-तीन भेटींत तुम्ही समुपदेशकाचाही मूड ओळखायला लागाल. तेही त्यांना सांगून टाका.

आणि आई. तुम्ही तिच्याबद्दल प्रेमाने लिहिलंय, पण तिचाही एकही शब्द पत्रात नाही. ती स्थिर आहे, म्हणजे आता तिच्याशी बोलता येतं. पुन्हा त्रास सुरू झाला तर कोणती लक्षणं आधी दिसतात, कुणाला फोन करायचा, काय केलेलं तिला चालेल आणि काय नाही, हे ती बरी असतानाच तिच्याकडून ऐकून तुम्ही दोघा भावंडांनी लिहून ठेवा. पहारा एकट्याच्या डोक्यातून कागदावर उतरला की झोप बरी लागते. बहिणीलाही विचारा, तिला काय आठवतंय. एकाच घरात दोन भावंडांची बालपणं वेगळी असतात. तुम्ही तिला ज्या खोलीत वाचवून बसवलंत, तिथून तिला काय ऐकू यायचं, हे तुम्हाला बहुधा माहीत नसेल.

हे वाचणाऱ्या काही जणांची गोष्ट थोडी वेगळी असेल. कुणी तुमच्यासारखे पहारेकरी होतात. कुणी सतत मदतीची गरज असलेलीच माणसं शोधतात, कारण कुणाला वाचवल्याशिवाय आपलं असणं त्यांना पटत नाही. कुणी जवळीक वाढू लागली की आधी स्वतः निघून जातात. आजारी पालकाकडून ज्यांना मारहाण किंवा अपमान सोसावा लागला, त्यांना मी 'आईशी बोला' असं सरसकट सांगणार नाही. काही घरांत अंतर राखणं हीच शहाणी गोष्ट असते. आणि अशा माणसाबरोबर संसार करणाऱ्यांनो, तुम्हाला नर्स नको असेल तर तसं सांगण्याचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. सोबत एकदा हेही विचारून बघा, "तू लहान असताना हे कोणासाठी करायचास?"

आता पुन्हा त्या रात्रीकडे. तुमच्या पत्रात घड्याळातली वेळ आहे, जमिनीवरचे कपडे आहेत, ती कोणतं गाणं गुणगुणत होती तेही आहे. एकच गोष्ट नाही, आणि मला वाटतं ती तुम्हालाही माहीत नाही. कपाट अजून अर्धवट आहे म्हणता. आज तिच्याशेजारी जमिनीवर बसा, घड्या घालायला लागा आणि विचारा, त्या रात्री ती इतकी खूश कशामुळे होती.